भाऊ आत, बहिणी दाराबाहेर : रॉक अँड रोल हॉल ऑफ फेमच्या नामांकन समितीला खुले पत्र

प्रति,
नामांकन समिती,
रॉक अँड रोल हॉल ऑफ फेम

विषय : पॉइंटर सिस्टर्स यांचे नाव मतपत्रिकेवर घेणेबाबत

महोदय, महोदया,

विषयाची ओळ मुद्दाम सरकारी थाटात लिहिली आहे. अर्जाची भाषा जेवढी कोरडी तेवढा तो लवकर पुढे सरकतो, असा आमच्याकडे समज आहे. बाकीचं पत्र मात्र तसं कोरडं ठेवणं मला जमणार नाही.

पत्र मराठीत आहे, म्हणजे तुमच्या टेबलावर पोचण्याआधीच ते अर्धं हरलेलं आहे, याची कल्पना आहे. पण रॉक आणि पॉपमधल्या मानकऱ्यांची तुमची यादी दरवर्षी जाहीर झाली की इथेही वाद झडतात. कोण आत गेलं, कोण राहिलं, अमक्याच्या आधी तमक्याचा नंबर कसा लागला, यात आमच्यासारख्यांच्या रात्रीच्या रात्री जातात. ही गाणी इथवर आली तेव्हा त्यांना कुणी व्हिसा विचारला नव्हता. मग गाऱ्हाणं इथून घातलं तर बिघडलं कुठे?

मागणी एकच आहे. पॉइंटर सिस्टर्स, म्हणजे कॅलिफोर्नियातल्या ओकलंडच्या चार गायिका बहिणी : रूथ, अनिता, बॉनी आणि जून. १९७१ पासून त्यांच्या रेकॉर्ड निघत होत्या. पहिल्या व्यावसायिक रेकॉर्डला पंचवीस वर्षं झाली की कलाकार पात्र होतो, हा नियम तुमचाच. त्या हिशेबाने नव्वदच्या दशकाच्या मध्यापासून त्या पात्र आहेत. २०२५ पर्यंतच्या तुमच्या याद्या मी बोट ठेवून वाचल्या. निवड राहू द्या बाजूला, नामांकनातसुद्धा हे नाव नाही.

पुढचं वाचण्याआधी एक करा. कानाला हेडफोन लावा आणि १९८४ साली गाजलेलं 'ऑटोमॅटिक' ऐका. सिंथेसायझरचे तुटक ठोके सुरू होतात आणि त्यावर एक आवाज येतो. इतका खालचा, इतका भरीव, की पहिल्यांदा ऐकणारा हमखास विचारतो, "हा कोण गातोय?" गात नाहीये, गातेय. रूथ पॉइंटर. आमच्या भाषेत हा खर्ज. आणि खर्जातला बाईचा आवाज नाचाच्या गाण्यात असा मधोमध उभा करायला हिंमत लागते, कारण त्या काळात बाईने पॉपमध्ये वर चढूनच गायचं, असा शिरस्ता होता. ध्रुवपदाला अनिता आणि जून तिच्या वर आपले सूर रचतात (बॉनी तोवर गटातून बाहेर पडली होती). तिघींचे आवाज एकमेकांपासून किती लांब आहेत हे कळतं आणि तरी मध्ये कुठे फट दिसत नाही. दोन किंवा अधिक आवाजांच्या मांडणीसाठीचा ग्रॅमी या गाण्याला मिळाला. मांडणी बहिणींचीच.

हे शिकल्या कुठे? देवळात. म्हणजे चर्चमध्ये. वडील एल्टन पॉइंटर वेस्ट ओकलंडमधल्या चर्च ऑफ गॉडचे पाद्री, आई सारा. घरात सहा मुलं, थोरले दोघे भाऊ, पाठच्या चौघी बहिणी. (थोरला भाऊ आरन व्यावसायिक बेसबॉल खेळला आणि पुढे अमेरिकन फुटबॉलचा पंच झाला. घरच तसं होतं.) चर्चबाहेरचं गाणं म्हणजे सैतानाचं गाणं, ही घरातली शिस्त. कीर्तनकाराच्या घरात सिनेमाची गाणी म्हणायला जशी चोरी असते, तशीच. आणि चोरून ऐकलेलं गाणं किती पक्कं बसतं, हे कुणी वेगळं सांगायला नको.

१९६९ मध्ये बॉनी आणि जून, म्हणजे धाकट्या दोघी, 'पॉइंटर्स, अ पेअर' या नावाने क्लबांत गाऊ लागल्या. अनिता तेव्हा वकिलाच्या ऑफिसात सेक्रेटरी होती. तिने नोकरी सोडली आणि जोडीचं त्रिकूट झालं. मग या तिघी ह्यूस्टनला गेल्या आणि तिथे अडकल्या. ना कार्यक्रम, ना परतीचे पैसे. हाताशी डेव्हिड रुबिन्सन या निर्मात्याचा फोन नंबर होता. त्याने परतीची सोय केली आणि स्टुडिओत इतरांच्या मागे गायची कामंही मिळवून दिली. रूथ शेवटी आली, १९७२ च्या अखेरीस. तीही नोकरी करत होती, कीपंच ऑपरेटर म्हणून.

आता इथे जरा थांबून तुमच्याच यादीकडे बघू या. त्या सुरुवातीच्या दिवसांत बहिणींनी कुणाच्या मागे कोरस धरला? ग्रेस स्लिक, जेफरसन एअरप्लेनची गायिका. तो बँड तुम्ही १९९६ मध्ये आत घेतलात. एल्विन बिशप. त्याला पॉल बटरफील्ड ब्लूज बँडबरोबर २०१५ मध्ये घेतलंत. बिशपच्या मागे गाताना ज्याने त्यांना हेरलं आणि अटलांटिक कंपनीत आणलं तो जेरी वेक्सलर १९८७ पासून आत आहे. त्यांचं पहिलं गाजलेलं गाणं, १९७३ चं 'येस वी कॅन कॅन', ज्याने लिहिलं तो न्यू ऑर्लिन्सचा ॲलन तूसाँ १९९८ पासून आत. त्याच अल्बमवर त्यांनी ज्याचं 'वँग डँग डूडल' घेतलं तो विली डिक्सन १९९४ पासून आत. 'फायर' ज्याच्या लेखणीतून उतरलं तो ब्रूस स्प्रिंगस्टीन १९९९ पासून आत. बहिणींनी लिहिलेलं गाणं ज्याने स्वतः गायलं तो एल्विस प्रेस्ली तर तुमच्या पहिल्याच वर्षी, १९८६ मध्ये, आत गेला. रूथच्या मुलीचे, इसाचे, वडील डेनिस एडवर्ड्स, हेही टेम्प्टेशन्स या गायनगटाबरोबर १९८९ मध्ये आत जाऊन बसले.

म्हणजे लग्नाला सगळं गाव जेवून गेलं, आणि ज्यांच्या घरचं कार्य त्या दारात उभ्या.

तुमची अडचण काय असेल, याचा मी बराच विचार केला आहे. या बहिणींना ठेवायचं कुठल्या फडताळात, हीच ती अडचण असणार. १९७३ मध्ये त्या लोकांसमोर आल्या त्या चाळिशीच्या दशकातले जुने कपडे घालून. जुन्या कपड्यांच्या दुकानांतून शोधलेले फ्रॉक, खांद्यावर फरचे पट्टे, डोक्यावर टोप्या. त्या काळात कृष्णवर्णीय मुलींच्या गटाने एकसारखे चमचमते झगे घालायचे, ही मोटाउन या रेकॉर्ड कंपनीने घालून दिलेली वहिवाट होती. यांनी ती मोडली, कारण त्या झग्यांचे पैसेच नव्हते. गरजेतून निघालेली ही टूम त्यांची ओळख होऊन बसली. आणि गात काय होत्या? जॅझ. डिझी गिलेस्पीचं 'सॉल्ट पीनट्स' घ्या. ज्या वेगात तुतारी वाजते त्या वेगात चार बायका शब्द फेकतात आणि एकाच वेळी थांबतात. आमच्याकडच्या द्रुत तराण्यात अखेरच्या तिहाईला श्रोत्यांचा श्वास जसा अडकतो, तसा इथेही अडकतो. १९७४ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या ऑपेरा हाउसमध्ये त्यांचा कार्यक्रम झाला. तिथे गाणारा हा पहिला पॉप गट.

बरं, मग जॅझचं फडताळ ठीक होतं का? त्याच वर्षी त्यांनी कंट्री, म्हणजे अमेरिकेच्या गावाकडच्या लोकढंगाचं, गाणं केलं.

या गाण्यापाशी मला थोडं रेंगाळायचं आहे. अनिताचं बालपण काही काळ आर्कान्सातल्या प्रेस्कॉटमध्ये, आजोळी गेलं. दक्षिणेतलं छोटं गाव, कृष्णवर्णीय मुलांची शाळा वेगळी आणि रेडिओवर दिवसभर कंट्री. कुणी पढवून शिकवलेलं हे गाणं नव्हे, हवेत मुरलेलं. पुढे प्रेमात पोळल्यावर तिने बॉनीबरोबर 'फेअरीटेल' लिहिलं. नॅशव्हिलला जाऊन रेकॉर्ड केलं, स्टील गिटार, फिडल, सगळा रीतसर सरंजाम. हे गाणं ऐकताना मजा अशी की त्यात कुठेही थट्टा नाही, "बघा, आम्ही हेही करून दाखवतो" असा आव नाही. नवऱ्याचं घर सोडायला निघालेली बाई जशी आवाज न चढवता बोलते, तशी अनिता गाते. हुंदका बाहेर येऊ देत नाही, आणि म्हणूनच तो ऐकणाऱ्याच्या गळ्यात येतो.

गाणं पॉपच्या यादीत १३ व्या क्रमांकावर गेलं, कंट्रीच्या यादीत ३७ व्या. मग नॅशव्हिलच्या ग्रँड ओल ऑप्री या कंट्री गाण्यांच्या नामांकित कार्यक्रमाचं आमंत्रण आलं. तिथे गाणारा हा कृष्णवर्णीय स्त्रियांचा पहिला गट. बाहेर काही जण फलक घेऊन उभे होते, कंट्री कंट्रीच राहू द्या, अशा अर्थाचे. बहिणींनी पुढे मुलाखतींतून तिथल्या आठवणी सांगितल्या आहेत. त्यांच्याच सन्मानार्थ ठेवलेल्या मेजवानीला त्या गेल्या, तर त्यांना मागच्या दाराची वाट दाखवली गेली. घरकामाच्या बायका आल्या, असा दारावरच्या माणसाचा समज झाला होता. ऑप्रीच्या प्रेक्षकांनाही पडदा वर गेल्यावर धक्का बसला. रेडिओवर गाणं ऐकताना त्यांनी मनात काही वेगळेच चेहरे काढून ठेवले होते. पण गाणं संपलं तेव्हा लोकांनी ते पुन्हा म्हणायला लावलं.

१९७५ च्या मार्चमध्ये 'फेअरीटेल'ला कंट्री गटगायनाचा ग्रॅमी मिळाला. त्याच वर्षी एल्विसने ते आपल्या अल्बममध्ये घेतलं. अनिता आणि कंट्रीचं नातं तिथे संपलंही नाही. अर्ल थॉमस कॉनलीबरोबरचं तिचं युगुलगीत १९८६ मध्ये कंट्रीच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर गेलं. बहिणींच्या 'स्लो हँड'चं कॉनवे ट्विटीने कंट्री रूप केलं, ते १९८२ मध्ये पहिल्या क्रमांकावर पोचलं. आणि २०२५ च्या फेब्रुवारीत बियॉन्सेला कंट्रीचे ग्रॅमी मिळाले, तेव्हा बातम्या देणाऱ्यांना मागे वळून बघावं लागलं. कंट्रीमध्ये याआधी कृष्णवर्णीय स्त्रियांना ग्रॅमी कधी मिळाला होता? पन्नास वर्षांपूर्वी. कुणाला? पॉइंटर सिस्टर्सना. माझ्या ओळखीतल्या तीन-चार तरुण मुलींनी ते नाव त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं. त्यांच्या गाण्यांवर त्या लहानपणापासून नाचत होत्या, पण ही गाणी त्यांची, हे ठाऊक नव्हतं.

मला वाटतं, तुमचं घोडं इथेच अडलं आहे. जॅझवाले म्हणाले या पॉपच्या, पॉपवाले म्हणाले या सोलच्या, कंट्रीवाल्यांनी तर फलकच धरले. पुरुषांच्या बँडने असं सगळं केलं की समीक्षक त्याला प्रयोगशील म्हणतात. बायकांनी केलं की म्हणतात, यांचं नेमकं काही ठरलेलं दिसत नाही.

पुढची हकिगत थोडक्यात. १९७६ मध्ये 'कार वॉश' या चित्रपटात रिचर्ड प्रायरने साकारलेल्या भपकेबाज धर्मोपदेशकाच्या ताफ्यात या चौघी दिसल्या. पाद्र्याच्या मुलींनी ही भूमिका हसत हसत केली, हे मला फार आवडतं. १९७७ मध्ये बॉनी बाहेर पडली आणि मोटाउनकडे एकटीने गाऊ लागली. तिचं 'हेवन मस्ट हॅव सेंट यू' १९७९ मध्ये ११ व्या क्रमांकापर्यंत गेलं. मागे राहिलेल्यांचा गट फुटायच्या बेतात होता. तेव्हा निर्माता रिचर्ड पेरी याने आपल्या प्लॅनेट या नव्या कंपनीसाठी त्यांना घेतलं. जुने कपडे गेले, जॅझ गेला. स्प्रिंगस्टीनचं 'फायर' अनिताने गायलं, तेही दबकत, ओठांतल्या ओठांत, आणि १९७९ च्या सुरुवातीला ते दुसऱ्या क्रमांकावर होतं. ज्यांना चाळिशीतले फ्रॉक आवडायचे त्यांनी नाकं मुरडली. मीही थोडी मुरडते, खोटं कशाला बोलू. चौघींचा तो धबधबा मला तिघींच्या चकचकीत पॉपपेक्षा जवळचा आहे. पण वयाच्या तिशीत, मोडकळीला आलेला संसार पुन्हा मांडून, पहिल्यापेक्षा मोठं यश मिळवणारे गट किती आहेत तुमच्या यादीत? मोजायला एका हाताची बोटं पुरतील.

मग 'ही इज सो शाय' १९८० मध्ये तिसऱ्या क्रमांकावर, जूनच्या आवाजात. 'स्लो हँड' १९८१ मध्ये दुसऱ्या. आणि १९८३ च्या अखेरीस 'ब्रेक आउट' आला. या एका अल्बममधून चार गाणी पहिल्या दहांत गेली : 'ऑटोमॅटिक', 'जंप', 'आय अ‍ॅम सो एक्सायटेड', 'न्यूट्रॉन डान्स'. अमेरिकेत तीस लाखांवर खप. 'जंप'चं नाव तर वाढवून 'जंप (फॉर माय लव्ह)' करावं लागलं, कारण त्याच सुमारास व्हॅन हेलन या रॉक बँडचंही 'जंप' गाजत होतं. (व्हॅन हेलन २००७ पासून तुमच्याकडे आत. नावाची अदलाबदल कुणी करायची, हेही बहिणींच्याच वाट्याला आलं.) त्या 'जंप'ला ग्रॅमी मिळाला, पॉप गटगायनाचा.

'आय अ‍ॅम सो एक्सायटेड'ची गोष्ट तर वेगळीच. ते १९८२ मध्ये निघालं तेव्हा ३० व्या क्रमांकापुढे सरकलं नाही. दोन वर्षांनी नव्याने मिश्रण करून पुन्हा काढलं आणि ते ९ व्या क्रमांकावर गेलं. आज जगातल्या कुठल्याही लग्नात, कुठल्याही मैदानावर ते वाजतं. ते लिहिलं कुणी? अनिता, जून, रूथ आणि ट्रेव्हर लॉरेन्स यांनी. "या फक्त गाणाऱ्या, लिहिणाऱ्या नव्हेत" असं तुमच्यापैकी कुणाच्या मनात असेल, तर त्याने 'फेअरीटेल' आणि हे गाणं शेजारी शेजारी ठेवावं. एक घर सोडून जाणाऱ्या बाईचं, दुसरं रात्रीच्या बेताने मोहरलेल्या बाईचं. दोन्ही एकाच घरातून निघालेली.

आणखी एक आक्षेप मला इथूनच ऐकू येतो : "पण हे रॉक नव्हे." हे तुम्ही म्हणू नये. माइल्स डेव्हिस २००६, मॅडोना २००८, ॲबा २०१०, डोना समर २०१३, व्हिटनी ह्यूस्टन २०२०, जे-झी २०२१, डॉली पार्टन २०२२. डॉलीबाईंनी तर आधी स्वतःच नम्रपणे नको म्हटलं होतं, तरी तुम्ही त्यांना नेलंत, आणि योग्यच केलंत. दार एवढं रुंद केल्यावर उंबऱ्याची उंची मोजत बसण्यात अर्थ नाही.

आता माझा मुख्य मुद्दा. एव्हर्ली ब्रदर्स पहिल्याच वर्षी आत. बीच बॉइज, ज्यांत तीन भाऊ, १९८८. किंक्समधले दोघे भाऊ १९९०. आइझ्ली ब्रदर्स १९९२. ऑलमन ब्रदर्स १९९५. बी जीज आणि जॅक्सन फाइव्ह, दोन्ही १९९७. भावांच्या गळ्यांतून येणाऱ्या एकजीव सुरांवर तुमच्या लेखकांनी पानंच्या पानं लिहिली आहेत. बहिणींच्या बाजूला काय? रोनेट्समध्ये दोघी सख्ख्या आणि एक चुलत, हार्टमध्ये दोघी, स्टेपल सिंगर्समध्ये वडिलांबरोबर लेकी. सगळ्या बहिणीच असलेला गायनगट मला तुमच्या यादीत दिसत नाही.

भावंडांच्या गाण्यात जे घडतं ते सरावाने येत नाही. एका घरात वाढलेल्या मुली 'आ' एकाच आकारात उघडतात, शब्दाचं शेपूट एकाच जागी तोडतात, श्वास एकाच वेळी घेतात. मी आणि माझी धाकटी बहीण लहानपणी सणावारी एकत्र गायचो. आमचा आवाज काही फार ग्रेट नव्हता, पण फोनवर आमची आईसुद्धा फसायची. दोघींपैकी कोण बोलतंय हे तिला तिसऱ्या वाक्यापर्यंत कळत नसे. आता पॉइंटर बहिणींचं बघा. त्यांचे आवाज मुळात निरनिराळे. रूथचा खर्ज, अनिताचा किंचित खरखरीत मधला सूर, जूनचा धारदार वरचा, बॉनीचा खट्याळ. तरी उच्चार एका घरचे. म्हणून मिश्रण घट्ट होतं आणि प्रत्येकीची चवही उरते. हे बाहेरून गायिका निवडून जमवता येत नाही. रेकॉर्ड कंपन्यांनी आजवर कितीतरी गट जमवले, हे मिश्रण त्यांच्या हाती लागलं नाही.

तुमच्या संस्थेत बायकांचा नंबर उशिरा लागतो, हे म्हणणारी मी पहिली नाही. पहिल्या वर्षीच्या गायक-वादकांत एकही बाई नव्हती. अरीथा फ्रँकलिन १९८७ मध्ये आत गेल्या त्या पहिल्या. २०२३ च्या सप्टेंबरमध्ये तुमचे एक संस्थापक यान वेनर एका मुलाखतीत स्त्रिया आणि कृष्णवर्णीय संगीतकार यांच्याबद्दल जे बोलले, त्यानंतर तुम्ही त्यांना विश्वस्त मंडळातून काढलंत. चटकन काढलंत, त्याबद्दल आदर आहे. पण खुर्ची काढली म्हणून त्या खुर्चीतून इतकी वर्षं जे बघितलं गेलं नाही ते आपोआप दिसायला लागत नाही. ते मुद्दाम शोधावं लागतं. पॉइंटर सिस्टर्स कृष्णवर्णीयही होत्या आणि स्त्रियाही, आणि वर मुलाखतीत खळखळून हसायच्या. गंभीर कलावंत म्हणून ओळखलं जायला हे तिसरं कारण बहुधा सगळ्यांत जास्त नडतं.

घाई कशाची, असं विचाराल. सांगते. त्या पात्र झाल्या तेव्हा चौघीही हयात होत्या. जून २००६ च्या ११ एप्रिलला कर्करोगाने गेली, वय ५२. व्यसनाशी तिची झुंज वर्षानुवर्षं चालली होती, गटातून ती आत-बाहेर होत राहिली, पण 'जंप'मधली ती उडी तिचीच होती. बॉनी ८ जून २०२० ला गेली, वय ६९. अनिता ३१ डिसेंबर २०२२ ला, वय ७४. त्या रात्री जगभरच्या पार्ट्यांत 'आय अ‍ॅम सो एक्सायटेड' वाजलं असणार आणि नाचणाऱ्यांतल्या बहुतेकांना ती गेल्याचा पत्ताही नसणार.

राहिली रूथ. चौघींत थोरली आणि गटात सगळ्यांच्या शेवटी आलेली. तिचा जन्म १९ मार्च १९४६ चा. पुढचा हिशेब तुम्हीच करा. मुलगी इसा आणि नात सडाको यांना बरोबर घेऊन तिने गटाचं नाव चालू ठेवलं. आजी, लेक आणि नात एका माइकपाशी. व्यसनातून ती स्वतः १९८४ मध्ये बाहेर पडली, म्हणजे गट यशाच्या शिखरावर असताना. 'ऑटोमॅटिक'मधला तो खर्ज त्याच वर्षी साऱ्या रेडिओंवर होता.

मरणोत्तर सन्मानाचा सोहळा तुम्हाला छान जमतो. काळा पडदा, जुनी चित्रफीत, मग आजच्या कुणीतरी गायिकेने गायलेलं गाणं. तो इथे करू नका. रूथला स्वतःच्या पायांनी मंचावर येता येईल, अशा वर्षी करा.

आणि करालच, तर दोन-तीन बारीक गोष्टी. मानचिन्हावर नावं चार असू द्यात. बॉनी १९७७ मध्ये बाहेर पडली, आणि मोठी विक्री त्यानंतरची, म्हणून तिला कुणी वगळायला बघेल. 'फेअरीटेल'वर अनिताबरोबर तिचं नाव आहे, एवढं त्याला दाखवा. चित्रफीत लावाल तेव्हा १९८४ पासून सुरू करू नका, १९७३ च्या टोप्यांपासून करा. अटलांटिकवर निघालेल्या त्या दोन पडेल रेकॉर्डही चालतील, कुणी ऐकल्या नाहीत अजून. आणि रूथ बोलायला उभी राहील तेव्हा घड्याळ बाजूला ठेवा, चौघींच्या वाटचं तिला एकटीला बोलायचं असेल.

कळावे,
आपली,
मराठीतून ऐकणारी एक श्रोती

ता. क. : एक सांगायचं राहिलं. सत्तरच्या दशकात 'सेसमी स्ट्रीट' या मुलांच्या टीव्ही कार्यक्रमासाठी या बहिणींनी पिनबॉलच्या खेळावरची अंकमोजणी गायली. एक ते बारा, पण शाळेतल्यासारखी एका सुरात नव्हे. वन टू थ्री, मग फोर फाइव्ह झपकन, सिक्स सेव्हन एट जरा सैल, अशी तुकड्यातुकड्यांनी, फंकच्या ठेक्यावर. अमेरिकेतल्या कित्येकांना आकडे यांनीच शिकवले. तुमच्या समितीतल्याही कुणाला तरी शिकवले असतील. त्या फिती होत्या दोनपासून बारापर्यंत, एकूण अकरा. एकाची फीत केलीच नव्हती. हॉट हंड्रेड या अमेरिकेतल्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीतही या बहिणी दोनवर दोनदा थांबल्या, एकपर्यंत कधी गेल्या नाहीत. पहिला क्रमांक नाही, ही सबब कुणी काढलीच, तर त्याला ती मोजणी ऐकवा.